परघरच्या लेकी आणि घरचा कुळाचार

घराण्याचा कुळाचार त्या घराण्यात जन्मलेल्या माणसांपेक्षा लग्न होऊन त्या घरात आलेल्या बायकाच अधिक राखतात. ही गोष्ट इतकी उघड आहे, की तिच्याकडे कोणाचे लक्षच जात नाही. आडनाव, गोत्र आणि कुलदैवत पुरुषांच्या बाजूने चालत येते. पण नैवेद्याच्या आंबिलीत ताक घालायचे की नाही, गौरींची तोंडे कोणत्या दिशेला करायची, पुजनाच्या दिवशी पानात खीर शेवयांची वाढायची की गव्हल्यांची, हे त्या घरच्या मुलाला विचारले तर तो आईकडे पाहतो. आईने हे सगळे तिच्या सासूकडून उचललेले असते, आणि ती सासूही कुठल्या तरी तिसऱ्याच गावाहून त्या घरात आलेली असते. भाद्रपदात आमच्या घरी महालक्ष्म्या बसतात तेव्हा ही साखळी मला डोळ्यांसमोर दिसते.

माझे माहेर रत्नागिरी जिल्ह्यातले आणि सासर अंबाजोगाईचे. पुष्कळशा चित्पावन घराण्यांप्रमाणे माझ्या माहेरची कुलदेवता अंबाजोगाईची योगेश्वरी. त्यामुळे लहानपणी घाट चढून, एक मुक्काम करून आम्ही या गावाला दर्शनाला येत असू. तिथले स्थळ पक्के झाले तेव्हा माझी आजी म्हणाली होती, “देवीच्या पायाशीच दिली हो तुला.” सासरची कुलदेवता मात्र तुळजापूरची भवानी. म्हणजे माहेरच्या देवीच्या गावात राहून मी सासरच्या देवीचे कुळधर्म शिकले.

आमच्याकडे कोकणात खड्यांच्या गौरी असत. घरातली एखादी कुमारिका किंवा सवाष्ण विहिरीवर जाई, पाच किंवा सात खडे वेचून वाटीत घेई आणि वाटेत कोणाशी एक शब्दही न बोलता घरी परते. मागे आम्ही बाकीच्या पोरी थाळी वाजवत चालत असू. उंबऱ्यावर तिच्या पायांवर दूधपाणी घातले जाई, कुंकवाच्या पावलांवरून तिला आत आणले जाई आणि घरभर फिरवून प्रत्येक ठिकाणी विचारले जाई, “गौरी गौरी, काय पाहिलंस?” धान्याचे कणगे, दुभत्याचे कपाट, कपाटातली पितळी पेटी, सारे तिला दाखवायचे. मग पाटावर तांदळाच्या राशीवर खडे मांडायचे, शेजारी तेरड्याची रोपे ठेवायची आणि झाली गौरीची स्थापना. दुसऱ्या दिवशी घावन-घाटले. नारळाच्या दुधात गूळ आणि तांदळाची पिठी शिजवून केलेल्या त्या घाटल्याची चव मला अजूनही जगातल्या कुठल्याही पक्वान्नापेक्षा मोठी वाटते.

सासरी आल्यावर पाहिले तर सगळेच निराळे. दोन पितळी मुखवटे, एक ज्येष्ठा आणि एक कनिष्ठा. त्यांच्यापुढे त्यांची दोन बाळे. धडाच्या जागी पत्र्याच्या दोन कोठ्या, एकीत गहू आणि दुसरीत तांदूळ. अंगभर दागिने, डोक्यावर लोंबणारा फुलोरा, पुढे फराळाच्या राशी. अनुराधा नक्षत्रावर आवाहन, ज्येष्ठा नक्षत्रावर पूजन, मूळ नक्षत्रावर विसर्जन. नक्षत्रांचा हा हिशेब माहेरी आणि सासरी सारखाच होता, म्हणून पहिल्या वर्षी मला धरायला तेवढा एकच धागा होता. पूजनाच्या दिवशी पुरणपोळी, सोळा भाज्या, पंचामृत, कटाची आमटी, वडे, ज्वारीच्या पिठाची आंबील. पुरणाच्या दिव्यांनी आरती. आणि हा सारा स्वयंपाक सोवळ्यात, पहाटेपासून. सोळा भाज्यांत अंबाडी, दोडका, पडवळ, गवार, लाल भोपळा, घोसाळे असे जे जे त्या दिवसांत बाजारात येते ते सगळे. उरलेली गिनती पूर्ण करायला परसातल्या दोन-तीन पालेभाज्यांची पाने.

साडी नेसवणे हे मला सर्वांत कठीण गेले. कोठीला कंबर नसते, खांदा नसतो. सासूबाई आधी कोठीच्या मध्यावर सुतळी घट्ट आवळून बांधत आणि त्या सुतळीत निऱ्या खोवत. निरी एका हाताच्या चार बोटांवर मोजून घ्यायची, प्रत्येक निरीची घडी अंगठ्याने दाबत जायची आणि शेवटी सगळ्या निऱ्या एकदम उचलून खोवायच्या. काठ पाटाला टेकला पाहिजे, पण त्यावर सांडता कामा नये. टेकला नाही तर गौर उभी असल्यासारखी दिसते, सांडला तर गळाठलेली. पदराखाली कापूस भरलेले कापडी हात, त्यांत बांगड्या; आणि सर्वांत शेवटी मुखवटा. तो बसवल्यावर सासूबाई दोन पावले मागे सरत, मान तिरकी करून पाहत आणि म्हणत, “आता बघते आहे.” मुखवट्याची नजर समोर बसणाऱ्यावर पडली पाहिजे, वर किंवा भिंतीकडे जाता कामा नये, असा त्यांचा कटाक्ष असे. त्यासाठी त्या मानेखाली कापडाची घडी सरकवून तिचा कोन बोटाबोटाने बदलत. हे त्यांना कोणी शिकवले, असे मी एकदा विचारले. त्यांच्या सासूबाईंनी, असे उत्तर आले.

या आजेसासूबाई गुलबर्ग्याकडच्या. त्यांचे लग्न झाले तेव्हा गुलबर्गा आणि अंबाजोगाई ही दोन्ही गावे निजामाच्या हैदराबाद संस्थानात होती आणि मराठी-कानडी घरांत सोयरिकी सर्रास होत. पुढे 1956 साली राज्यांची पुनर्रचना झाली, मराठवाडा द्वैभाषिक मुंबई राज्यात आला आणि गुलबर्गा म्हैसूर राज्यात गेले. आजेसासूबाईंचे माहेर असे दुसऱ्या राज्यात गेले, पण त्यांच्याबरोबर आलेले एक कानडी पद आमच्या घरात राहिले. आवाहनाच्या संध्याकाळी मुखवटे तुळशीपासून आत आणताना आमच्याकडे ते पद म्हणतात. आता घरात कोणालाही कानडी येत नाही. सासूबाई पंढरपूरच्या, मी कोकणातली, माझी जाऊ नागपूरची. आम्ही तिघी ते शब्द जसे कानावर आले तसे म्हणतो. आमच्याकडे हुब्बळीचे पाहुणे आले होते, त्यांनी ते ऐकले आणि म्हणाले की दोन-तीन शब्द झिजून निराळे झाले आहेत, पण चाल अगदी बरोबर आहे. माझे दीर हे पद “आपल्या घराण्यात पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेले” म्हणून सर्वांना सांगतात. त्यांच्या घराण्यात ते एका सुनेच्या तोंडून आले, हे त्यांच्या ध्यानात नसते, आणि त्यांना मी ते आवर्जून सांगते.

कुळाचार असा वाढतो, असे मला वाटते. तो वरून खाली जसाच्या तसा उतरत नाही. प्रत्येक पिढीत एक परकी मुलगी येते, जुने सगळे शिकून घेते आणि शिकता शिकता तिच्या माहेरचे काहीतरी त्यात मिसळते. पंधरा-वीस वर्षे गेली की ते मिसळलेलेही घराण्याचे होते. आमच्या पानातली शेंगादाण्याची लाल चटणी सासूबाईंच्या माहेरची, सोलापूर-पंढरपूरच्या अंगाची. ती आता सोळा भाज्यांइतकीच आवश्यक मानली जाते. एका वर्षी ती करायची राहिली तर सासऱ्यांनी पान पुढे ओढण्याआधी विचारले, “चटणी कुठाय?”

माझ्या घाटल्याला मात्र जागा मिळायला वेळ लागला. पहिल्या काही वर्षांत मी विचारले तेव्हा सासूबाई सरळ म्हणाल्या, “आपल्यात नसतं ते. नैवेद्याच्या पानात नको.” त्यात राग नव्हता, पण नकार स्पष्ट होता. मी वाद घातला नाही. पूजनाच्या दिवशी आमच्याकडे ज्येष्ठागौरीची कहाणी वाचतात. आटपाट नगर, तिथला गरीब ब्राह्मण, घरोघरी गौरी आलेल्या पाहून पोरे हट्ट धरतात, घरात दाणा नाही, म्हणून तो तळ्यावर जीव द्यायला निघतो. तिथे त्याला एक म्हातारी भेटते. तो तिला घरी आणतो, बायकोला सांगतो की ही आजी, आणि त्या दिवसापासून घरातली रिकामी मडकी भरू लागतात. दुसऱ्या दिवशी ती म्हातारी काय मागते? नाहू घाल म्हणते आणि घावन-घाटले कर म्हणते. मराठवाड्यातल्या त्या घरात ही कहाणी वर्षानुवर्षे वाचली जात होती, गौर आपल्या तोंडाने घाटले मागत होती, आणि तिच्या पानात घाटले नव्हते. एका वर्षी कहाणी मी वाचली. त्या ओळीवर आल्यावर मी मुद्दाम थांबले नाही, आवाजही चढवला नाही. पण सासूबाईंनी माझ्याकडे पाहिले. त्याच्या पुढच्या वर्षी त्या स्वतःच म्हणाल्या, “तुझं ते घाटलं कर. विसर्जनाच्या दिवशी दहीभाताबरोबर ठेवू.” तेव्हापासून ते विसर्जनाच्या नैवेद्यात आहे. नारळ तिथे महाग पडतो, दूध काढायला वेळ लागतो, पण मी ते दरवर्षी करते.

त्या कहाणीत मला आणखीही एक गोष्ट दिसते. घरात समृद्धी आणणारी ती म्हातारी नात्याची कोणी नाही. तळ्याकाठी भेटलेली, नाव-गाव ठाऊक नसलेली बाई आहे. तिला आजी म्हटले, आत घेतले, नाहू-माखू घातले, तेव्हा ती घरची झाली. आपल्या बायकांच्या पिढ्यांनी ही कहाणी एकमेकींना सांगत ठेवली यात मला नवल वाटत नाही. अनोळखी घरात शिरून त्या घरची होणे म्हणजे काय, हे त्यांच्याइतके कोणाला ठाऊक असणार?

आणि तरीही या सणात एक दुःख आहे, ते सांगितल्याशिवाय मला पुढे जाता येत नाही. गौर ही माहेरवाशीण मानतात. तीन दिवस ती माहेरी येते, तिचे लाड होतात, तिसऱ्या दिवशी तिची ओटी भरून तिला पाठवणी देतात. पण तिच्यासाठी राबणाऱ्या सुनांना त्या तीन दिवसांत स्वतःच्या माहेरी जाता येत नाही, कारण प्रत्येकीच्या सासरी गौरी असतात. लग्न झाल्यापासून मी माझ्या आईकडच्या खड्यांच्या गौरी पाहिलेल्या नाहीत. विहिरीवर आता कोण जाते, हे मला फोनवर कळते. माझी भावजय साताऱ्याची आहे. तिच्या माहेरी मुखवट्यांच्या गौरी असत, आणि खडे कसे वेचायचे हे माझ्या आईने तिला शिकवले. माझ्या घरचा कुळाचार आता तिच्या हाती आहे आणि माझ्या दिरा-नवऱ्याचा माझ्या.

सासरे गेले त्याच्या पुढच्या वर्षीची गोष्ट याहून कठीण होती. आमच्या घरात महालक्ष्म्यांची सगळी विद्या ज्या एका व्यक्तीकडे होती, ती सासूबाईच आता पूजेपासून बाजूला बसल्या. कोणी त्यांना तसे सांगितले नव्हते. त्यांनी स्वतःच मधल्या घराच्या दारात पाट मांडला आणि तिथून आम्हांला सूचना देऊ लागल्या. निऱ्या कमी पडल्या, मुखवटा डावीकडे झुकला, आंबील अजून आटू दे. त्यांचा हात मुखवट्याला लागत नव्हता, आणि आमच्या हातून मुखवट्याची नजर जुळत नव्हती. हळदीकुंकवाला आलेल्या बायका त्यांच्यासमोरून करंडा घेऊन पुढच्या बाईकडे जात होत्या. त्या बायकांपैकी प्रत्येकीला सासूबाईंनीच कधी ना कधी साडी नेसवायला शिकवले होते किंवा पुरण वाटून दिले होते. ते पाहून मला जी चीड आली ती आजही तशीच आहे. पती गेला की बाईची सगळी जाणतेपणाची पुंजी एका दिवसात अशुभ कशी ठरते, हे मला कधीही पटणार नाही, आणि देवीला ते पटत असेल असेही मला वाटत नाही.

मे 2022 मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला आणि त्याच महिन्यात राज्य शासनाने इतर ग्रामपंचायतींना तो कित्ता गिरवायला सांगितले. ती बातमी मी सासूबाईंना वाचून दाखवली. त्यांनी ऐकून घेतले, काही बोलल्या नाहीत. पण आमच्या घरातली वाट ठरावाने उघडली नाही, ती सुताने उघडली. महालक्ष्म्यांसाठी सोळा पदरी दोरा करतात. पांढरे सूत पायाच्या अंगठ्याला अडकवून हातापर्यंत सोळा वेळा ओढून आणायचे, पीळ द्यायचा, सोळा गाठी मारायच्या आणि हळदीच्या पाण्यात भिजवायचा. पूजेत तो देवीपुढे असतो आणि विसर्जनानंतर घरातल्या बायका गळ्यात बांधतात. मला आणि जावेला गाठी सारख्या अंतरावर येत नव्हत्या. सासूबाईंनी थोडा वेळ पाहिले, मग सूत ओढून घेतले. “द्या इकडं. सुताला काय होतंय?” असे म्हणून त्यांनी दारातच पाय लांब केले आणि दोरा करून दिला. पुढच्या वर्षी निऱ्या खोवताना त्यांनी एका हाताने पदर सावरून धरला. त्याच्या पुढच्या वर्षी मुखवट्याखालची घडी सरकवायला त्या उठून आत आल्या. आणि जावेने, मला न विचारता, सगळ्यांदेखत त्यांना हळदीकुंकू लावले. आलेल्या बायकांपैकी दोघींनी मान फिरवली. बाकीच्यांनी पाहिले आणि त्याही लावू लागल्या. जावेचे मला फार कौतुक वाटते. ते धैर्य माझ्या आधी तिच्या हाताला सुचले.

आता आमच्या घरात निराळाच प्रश्न उभा आहे. अंबाजोगाईचा वाडा फार दिवस राहील असे दिसत नाही. मुखवटे पुढे कोणाकडे जाणार? रीतीप्रमाणे थोरल्या घरी, म्हणजे आमच्याकडे पुण्याला, आणि पुढे मुलाकडे. आम्हांला मुलगा नाही, मुलगी आहे. दिरांना मुलगा आहे, पण तो परदेशी असतो आणि त्याला या साऱ्यात रस नाही, हे तो प्रामाणिकपणे सांगतो. वडिलोपार्जित मालमत्तेत मुलींना मुलांच्या बरोबरीचा वाटा महाराष्ट्रात 1994 च्या कायद्याने मिळाला आणि 2005 च्या दुरुस्तीने तो देशभर मिळाला. वाडा विकला गेला तर त्यातला वाटा माझ्या मुलीला मिळेल, याबद्दल घरात कोणाचेही दुमत नाही. मुखवट्यांची गोष्ट निघाली की मात्र सगळे गप्प होतात. दीर म्हणतात, “ती परक्या घरची होणार. आपला कुळाचार तिच्या घरी कसा चालेल?”

मी त्यांना इतकेच विचारते, की हा कुळाचार आजवर परक्या घरच्या मुलींनीच चालवला ना? गुलबर्ग्याच्या, पंढरपूरच्या, रत्नागिरीच्या आणि नागपूरच्या मुलींच्या हातून तो इथवर आला, त्यांतली एकही या घरात जन्मली नव्हती. मग जी जन्मली, जिने रांगत असल्यापासून हा फुलोरा पाहिला, जिला ते कानडी पद झिजलेल्या शब्दांसह पाठ आहे, तिच्याच हातात तो का राहू नये? रीत मोडेल या भीतीमागे श्रद्धा आहे हे मला कळते, आणि तिचा मान मी राखते. पण घरात कोणी उरले नाही म्हणून मुखवटे एखाद्या देवळात नेऊन ठेवलेली घराणी मी पाहिली आहेत, आणि त्यांतल्या बहुतेक घरांत मुली होत्या.

सासूबाईंनी यावर आपले मत अजून दिलेले नाही. गेल्या भाद्रपदात त्यांनी नातीला जवळ बसवून तिच्याकडून कनिष्ठेची साडी नेसवून घेतली. तिच्या निऱ्या दोनदा सुटल्या. तिसऱ्यांदा बसल्या, पण काठ एका बाजूला बोटभर वर राहिला. आम्ही सगळे पाहत होतो, दीरही. “मुखवट्यांचं बघू पुढं,” सासूबाई म्हणाल्या, “आधी हिला निरी मोजता आली पाहिजे.” आणि त्यांनी सुतळी सोडून साडी पुन्हा तिच्या हातात दिली.